न पाहिलेली पोथी आणि सोडलेले गाठोडे

मुलुंडला आमच्याच इमारतीत राहणारे नाना दीड वर्षापूर्वी एका संध्याकाळी बारा पानांचे झेरॉक्स घेऊन माझ्याकडे आले. भांडुपच्या एका कारखान्यात पॉवर प्रेसवर त्यांची तीसेक वर्षे गेली. निवृत्तीनंतर त्यांच्या कानात सतत आवाज येऊ लागला. कधी रातकिड्यांसारखा, कधी शंखासारखा, रात्री दिवे मालवले की अधिकच. ते ज्या सत्संगाला जात तिथे त्यांना सांगण्यात आले की हा अनाहत नाद आहे, आणि तो कोट्यवधींत एखाद्यालाच ऐकू येतो. कानाच्या डॉक्टरांनी श्रवणयंत्र सुचवले होते. सत्संगात म्हणाले, यंत्र लावाल तर आतला नाद बुजेल. नानांनी यंत्र घेतले नाही. झेरॉक्सच्या पहिल्या पानावर लिहिले होते की मजकूर एका प्राचीन तिबेटी पोथीतला आहे, नादानेच विश्व घडते आणि साधकाला त्या नादाच्या सात पायऱ्या क्रमाने ऐकू येतात. ‘सर, तुम्ही एवढी पुस्तकं वाचता,’ नाना म्हणाले. ‘ही पोथी खरी आहे का, तेवढं सांगा.’

हा लेख म्हणजे त्या प्रश्नाचे लांबलेले उत्तर आहे. पोथीचा खरेखोटेपणा तपासायला निघालो, आणि तो तपास मला ज्ञानेश्वरीच्या सहाव्या अध्यायापाशी घेऊन आला.

सात ध्वनींची यादी वाचताच मूळ पुस्तकाची ओळख पटली. १८८९ साली प्रसिद्ध झालेल्या ‘द व्हॉइस ऑफ द सायलेन्स’ या छोट्या इंग्रजी पुस्तकाचा तो बेनामी, बराचसा शब्दशः अनुवाद होता. लेखिका हेलेना पेट्रोव्हना ब्लाव्हाट्स्की, थिऑसॉफिकल सोसायटीच्या संस्थापकांपैकी एक. हे पुस्तक आपले नाही, आपण केवळ अनुवादक आहोत, असे त्या प्रस्तावनेत सांगतात. मूळ ग्रंथाचे नाव त्या देतात ‘बुक ऑफ द गोल्डन प्रिसेप्ट्स’, म्हणजे सुवर्णवचनांचा ग्रंथ. तो सेन्झार नावाच्या गूढ पुरोहिती भाषेशी जोडलेला, लांबट पातळ पट्ट्यांवर कोरलेला, त्यात सुमारे नव्वद लहान प्रकरणे, आणि त्यांतली एकोणचाळीस आपण वर्षांपूर्वी तोंडपाठ केली, असा त्यांचा दावा. हा ग्रंथ बाहेरच्या कोणा अभ्यासकाच्या हाती कधी लागलेला नाही. सेन्झार ही भाषा कोणत्याही भाषाशास्त्रज्ञाला भेटलेली नाही. ब्लाव्हाट्स्कींच्या ‘द सीक्रेट डॉक्ट्रिन’ (१८८८) या अवाढव्य ग्रंथामागे असलेली ‘बुक ऑफ द्झ्यान’ ही पोथीही त्याच मालिकेतली, असे त्या म्हणतात, आणि तिचीही कथा तीच आहे.

मराठी वाचकाला ही बाई अगदी परकी वाटू नये. त्या आणि कर्नल ऑल्कॉट १६ फेब्रुवारी १८७९ रोजी मुंबईत उतरले, गिरगावात राहिले. ‘द थिऑसॉफिस्ट’ हे मासिक ऑक्टोबर १८७९ मध्ये मुंबईतूनच सुरू झाले. डिसेंबर १८८२ मध्ये सोसायटीचे मुख्यालय मद्रासजवळ अड्यारला गेले, पण पावणेचार वर्षांची मुंबई त्यांच्या लिखाणात मुरली. आजही जुहूला थिऑसॉफिकल कॉलनी आहे; अंधेरीहून समुद्राकडे जाणाऱ्या कित्येकांना त्या नावामागची ही गोष्ट माहीत नसते.

प्रस्तावनेतल्या एका वाक्याशी मी बराच वेळ थांबलो. सुवर्णवचनांतले विचार वेगळ्या रूपात संस्कृत ग्रंथांतही सापडतात, असे सांगून ब्लाव्हाट्स्की उदाहरण देतात ते ज्ञानेश्वरीचे. कृष्णाने अर्जुनाला पूर्णत्वाला पोचलेल्या योग्याचे वर्णन करून सांगितलेला अप्रतिम गूढग्रंथ, असा त्या तिचा गौरव करतात. ज्ञानेश्वरी, आणि संस्कृत! मुंबईत राहून गेलेल्या आणि मराठी मंडळींत वावरलेल्या लेखिकेची ही चूक साधी नाही. बाळशास्त्री जांभेकरांनी ज्ञानेश्वरी छापली ती १८४५ साली. ब्लाव्हाट्स्की मुंबईत आल्या तेव्हा हा ग्रंथ छापील स्वरूपात येऊन तीन दशके उलटून गेली होती. पण त्यांना तो भेटला होता दुसऱ्याच वाटेने. ‘डब्लिन युनिव्हर्सिटी मॅगझिन’मध्ये १८५३-५४ साली ‘द ड्रीम ऑफ रावण’ ही निनावी लेखमाला आली होती. तिच्यात सहाव्या अध्यायातल्या कुंडलिनीच्या वर्णनाचा बराच भाग इंग्रजीत दिला आहे. म्हणजे नेवाशाला सांगितलेला मराठी ग्रंथ आयर्लंडच्या मासिकातून इंग्रजी होऊन मुंबईत परतला, आणि तिबेटी पोथीच्या शेजारी संस्कृत म्हणून बसला.

आता दोन्ही मजकूर शेजारी ठेवून पाहू. ‘व्हॉइस’मध्ये साधकाला सांगितले जाते की अग्निमय शक्ती हृदयाच्या अंतर्गृहात, जगन्मातेच्या निवासात परतू दे, मग ती वर सरकेल आणि श्वास होईल. ज्ञानेश्वरीत कुंडलिनीला जगदंबाच म्हटले आहे. ती हृदयात प्रवेश करते, तिथे अनाहत ऐकू येऊ लागते, आणि पुढे तिचे कुंडलिनी हे नावच सुटून तिला मारुत म्हणजे वायू हे नाव येते. टप्पे तेच, क्रम तोच, ‘जगन्माता’ हा शब्दही तोच. यासाठी सेन्झारपर्यंत जायची गरज उरत नाही.

सात ध्वनींचेही तसेच. ब्लाव्हाट्स्कींचा क्रम असा: जोडीदाराचा निरोप घेणाऱ्या नाइटिंगेलचे गाणे, चांदीची झांज, शंखात कोंडलेल्या सागरकन्येचा विलाप, वीणा, वेळूची बासरी, तुतारी, आणि शेवटी मेघाची घरघर. हा सातवा ध्वनी बाकी सगळे गिळतो आणि मग काहीच ऐकू येत नाही. ‘हठयोगप्रदीपिके’च्या चौथ्या उपदेशातही नादांची यादी आहे, पण तिथला प्रवास उलटा: आधी समुद्र, मेघ, भेरी असे स्थूल ध्वनी, आणि शेवटी किंकिणी, वेणू, वीणा, भुंगा असे सूक्ष्म. ‘हंसोपनिषदा’त मात्र दहा नाद सांगितले आहेत. घंटा, शंख, तंतुवाद्य, टाळ, वेणू, मग नगारे, आणि दहावा मेघनाद. पहिले नऊ सोडून दहाव्याचाच अभ्यास करावा, असे तिथे म्हटले आहे. ‘व्हॉइस’चा साचा उघडच या दुसऱ्या परंपरेचा आहे. नवीन म्हणावी अशी भर म्हणजे सागरकन्या आणि नाइटिंगेल. हा पक्षी हंसोपनिषदात नाही. फारसी गझलेत आणि इंग्रजी कवितेत मात्र तो पिढ्यान्‌पिढ्या गातो आहे. गुहेतल्या पोथीत १९व्या शतकातल्या इंग्रजी वाचकाच्या ओळखीचा पक्षी येऊन बसावा, हा अनुवादापेक्षा रचनेचा पुरावा अधिक.

इथवर आल्यावर नानांना एका वाक्यात उत्तर देता आले असते: पोथी रचलेली आहे. पण असे उत्तर दोन बाजूंनी अपुरे पडते.

एक, रचलेले पुस्तक म्हणून ते टाकाऊ ठरत नाही. विल्यम जेम्स यांनी ‘द व्हरायटीज ऑफ रिलिजस एक्स्पीरियन्स’ (१९०२) मध्ये याच पुस्तकातले उतारे दिले आहेत. गूढानुभवाचे लेखन तर्काने न बोलता संगीतासारखे बोलते, हे त्यांना त्यातून दाखवायचे होते. पुस्तकाच्या १९८९च्या शताब्दी आवृत्तीला १४व्या दलाई लामांची प्रस्तावना आहे. शिवाय पुस्तकाचा शेवटचा भाग मला खरोखर मोठा वाटतो. मुक्ती हाताशी आली असताना ती दुःखितांसाठी नाकारायची, हा बोधिसत्त्वाचा मार्ग तिथे स्वतःपुरत्या मोक्षाहून वर ठेवला आहे. नानांच्या झेरॉक्समध्ये नेमका हा भाग गाळलेला होता. सात ध्वनी ठेवले, करुणा गाळली. मूळ पुस्तकावर हा अन्यायच आहे.

दुसरी बाजू अधिक अवघड आहे. समजा, पोथी खोटी आणि हंसोपनिषद खरे. मग नानांना ऐकू येणारा शंख हंसोपनिषदातला नाद ठरतो काय? ‘आपल्या’ ग्रंथाचा आधार मिळाला की प्रश्न मिटला, असे मानणारी बरीच मंडळी आहेत. त्यांच्यासाठी आणखी एक आपलाच ग्रंथ पुढे ठेवतो. ‘माधवनिदान’ हा माधवकरांचा रोगनिदानावरचा ग्रंथ सुमारे ८व्या शतकातला. त्यात कर्णनाद या विकाराचे लक्षण दिले आहे: वायू कानाच्या मार्गात साठला की माणसाला नाना प्रकारचे स्वर ऐकू येतात, भेरीचे, मृदंगाचे, शंखाचे. योगाच्या ग्रंथांत आणि वैद्यकाच्या ग्रंथात वाद्ये तीच! सुश्रुताने कानाचे अठ्ठावीस रोग मोजले, त्यांतही कर्णनाद आहे. म्हणजे शंख ऐकू येणे एवढ्यावरून काहीच सिद्ध होत नाही, हे आपल्या पूर्वजांना ठाऊक होते. ध्वनी एक, त्याचे अर्थ दोन, आणि कोणता अर्थ लागू ते ठरवायला ध्वनीच्या बाहेर पडून पाहावे लागते: माणसाचे वय काय, त्याने आयुष्यभर कसल्या आवाजात काम केले, त्याला शेजारच्याचे बोलणे ऐकू येते का.

आजचे शास्त्र त्यात यंत्रणा भरते. आतल्या कानातल्या शंखाकृती पोकळीत सूक्ष्म केसांसारख्या पेशी असतात. मोठ्या आवाजात वर्षानुवर्षे राहिल्यास त्या मरतात, आणि माणसाच्या कानात त्या पुन्हा उगवत नाहीत. बहुधा आधी जातात त्या उंच पट्टीच्या पेशी. बाहेरून येणारा संदेश थांबला की मेंदू ती उणीव स्वतःच्या आवाजाने भरून काढतो, असा एक स्वीकारला गेलेला खुलासा आहे. पॉवर प्रेसचा ठोका तीस वर्षे ऐकलेल्या कानाला हा खुलासा लागू पडतो, हे सांगायला गुरू लागत नाही.

मग अनाहत नादाचे काय करायचे? ज्ञानदेवांकडे मी पुन्हा गेलो तो इथे. सहाव्या अध्यायात कुंडलिनी हृदयात आल्यावर काय होते, ते सांगताना त्यांनी एक विलक्षण प्रतिमा योजली आहे. घोषाच्या कुंडात जणू नादाची चित्रे प्रणवाच्या आकाराने रेखली जातात. नादाला आकार देणारी ही प्रतिमा वाचताना आज कोणालाही क्लाड्नीच्या पट्ट्या आठवतील. जर्मन शास्त्रज्ञ क्लाड्नी यांनी धातूच्या पत्र्यावर वाळू पसरली, पत्र्याच्या कडेवर गज फिरवला आणि वाळूच्या नक्ष्या उमटताना दाखवल्या. त्यांचे पुस्तक १७८७चे. ‘ध्वनी वास्तव घडवतो’ असे सांगणारी व्याख्याने आणि चित्रफिती हा प्रयोग हटकून दाखवतात. पण वाळूची नक्षी केवळ ध्वनीने ठरत नाही. पत्र्याचा आकार, जाडी, तो कुठे धरला आहे, यावरही ती ठरते. पत्रा नसेल तर नक्षी नाही. या प्रयोगाचा आधार घेऊन ज्ञानदेवांना आधुनिक विज्ञान आधीच ठाऊक होते असे म्हणणे, हा त्यांचा सन्मान नव्हे.

त्यांचा सन्मान त्यापुढच्या ओवीत आहे. नादचित्रांची प्रतिमा रंगवून झाल्यावर ते लगेच थांबतात. हे कल्पनेने जाणावे म्हटले तर कल्पना करणारा तिथे आणायचा कुठून? तिथे काय गाजते ते कळत नाही, असे ते सरळ सांगून टाकतात. ब्लाव्हाट्स्कींची पोथी सातही ध्वनी नाव-गाव घालून मोजते. ज्ञानदेव त्याच जागी पोचून ‘मला माहीत नाही’ म्हणतात. ज्याला तिथले काही ठाऊक आहे तो यादी देत नाही, असा निष्कर्ष मी काढणार नाही. ते पुन्हा गूढाचेच राजकारण होईल. पण वाचक म्हणून मला एवढे दिसते की या कबुलीने ऐकणाऱ्याला मोकळे केले आहे. यादी हाती दिली की माणूस आपल्या कानातल्या आवाजावर तिकिटे चिकटवू लागतो. नानांचे तेच झाले होते: ‘चौथी पायरी चालू आहे,’ असे ते मला म्हणाले होते.

याच अध्यायात, थोडे पुढे, ज्ञानदेव आणखी एक गोष्ट करतात, आणि माझ्या मते या सगळ्या प्रकरणातली तीच कळीची आहे. पिंडाने पिंडाचा ग्रास हा नाथांच्या संकेतातला गुह्य अर्थ आहे, गीतेत श्रीविष्णूंनी त्याचा केवळ निर्देश केला आहे, असे ते सांगतात. मग म्हणतात की या ध्वनित अर्थाचे गाठोडे मी सोडले, घडी झटकली आणि गिऱ्हाईक जाणते आहे असे पाहून माल उलगडून ठेवला. शके १२१२ मध्ये, म्हणजे १२९० साली, नाथपंथातला एक तरुण आपल्या परंपरेचे गुपित कापडाच्या दुकानदाराच्या भाषेत मोकळे करतो आहे. तेही मराठीत, समोर बसलेल्या श्रोत्यांपुढे. गिऱ्हाईक कापड बोटांनी चाचपू शकते, उजेडात धरू शकते, नको असेल तर परत ठेवू शकते. सुवर्णवचनांची पोथी याच्या नेमकी उलट आहे. तिथे गाठोडे बंद आहे, भाषा कोणालाही येत नाही, आणि आतल्या मालाची हमी आहे ती गाठोडे बंद असण्याचीच. ‘प्राचीन’, ‘तिबेटी’, ‘गुप्त’ हे शब्द पुरावा म्हणून वापरले जातात आणि वाचकाचा विचारण्याचा हक्क त्याच शब्दांनी काढून घेतला जातो.

कोणी म्हणेल, ज्ञानदेवही शब्दाची थोरवी गातातच की. ज्ञानेश्वरीच्या आरंभीचा गणेश अकार-उकार-मकारांचा बनलेला आहे, सहाव्या अध्यायाच्या सुरुवातीला त्यांच्या मराठी बोलांवर कान, जीभ, डोळे अशी सगळी इंद्रिये हक्क सांगत भांडतात. हे खरे आहे. पण त्याच कवीने ‘अमृतानुभवा’चे सहावे प्रकरण लिहिले आहे, आणि त्याचे नाव शब्दखंडन. तिथे आधी शब्दाचे कौतुक आहे. तो अमूर्ताला आरसा दाखवतो, विसरलेल्याला आठवण देतो. मग हळूहळू एकेक अधिकार काढून घेतला जातो. जे स्वतःच स्पष्ट आहे त्याला शब्द उजळू शकत नाही, आणि जी अविद्या मुळात नाहीच तिला शब्द मारू शकत नाही. शब्द व्यवहारात फार मोठा आहे; वस्तू घडवण्याचा अधिकार मात्र त्याच्याकडे नाही. त्याआधीच्या तिसऱ्या प्रकरणात चारी वाचांचे ऋण फेडण्याची भाषा आहे. वाचेचे ऋण मानणारा आणि तरीही तिची मर्यादा ओळखणारा असा हा कवी आहे.

याच यादवांच्या राज्यात, ज्ञानेश्वरीच्या काही दशके आधी, देवगिरीला शार्ङ्गदेवांनी ‘संगीतरत्नाकर’ लिहिला होता. सिंघण राजाच्या पदरी हिशेबाचे खाते सांभाळणारे आणि वैद्यक जाणणारे हे गृहस्थ. नादाचे वर्णन करण्याआधी ते शरीराची घडण सांगतात: गर्भ, हाडे, नाड्या, चक्रे. नाद हे ब्रह्म, असे तेही म्हणतात. पण अनाहत नादाशी आल्यावर ते व्यवहारी निर्णय घेतात. अनाहताने मुक्ती मिळत असेल, पण त्याने लोकांचे रंजन होत नाही. म्हणून आपला ग्रंथ आहत नादाचा, म्हणजे आघाताने उमटणाऱ्या, दुसऱ्याला ऐकू जाणाऱ्या नादाचा. पुढची शेकडो पाने स्वर, राग, ताल आणि वाद्ये. अनाहताला नमस्कार करून दोघांच्या मधल्या ध्वनीकडे वळण्याचा हा मार्ग मला आज फार शहाणा वाटतो. एकट्याला ऐकू येणाऱ्या ध्वनीची शहानिशा कोणी करू शकत नाही. दोघांना ऐकू येणाऱ्या ध्वनीवर मात्र सूर लावता येतो, चूक दाखवता येते, दाद देता येते.

हे सगळे मी नानांना एका दिवसात सांगितले नाही. आम्ही दर गुरुवारी सहावा अध्याय वाचू लागलो. त्यांना कमी ऐकू येत असल्याने मला मोठ्याने वाचावे लागे, आणि खालच्या मजल्यावरच्या वहिनी ‘आज कुठपर्यंत आलात?’ असे विचारीत. गाठोडे सोडण्याच्या ओवीशी आलो तेव्हा नानांनी मला ती पुन्हा वाचायला लावली. ‘म्हणजे यांनी उघडून दाखवलं,’ ते म्हणाले. मग बऱ्याच वेळाने, ‘आम्हाला मात्र कोणी उघडून दाखवलं नाही.’

त्या पावसाळ्यात त्यांनी घाटकोपरच्या एका डॉक्टरांकडे कानाची तपासणी करून घेतली. आलेखाची रेषा उंच पट्टीच्या बाजूला उतरत गेलेली होती. यंत्र बसवले. कानातला आवाज गेला नाही. डॉक्टरांनी तसे आश्वासनही दिले नव्हते. बाहेरचे आवाज आत येऊ लागल्यावर त्याच्याकडे लक्ष कमी जाते, एवढेच. त्यांची नात चार वर्षांची आहे आणि तिचा आवाज बारीक आहे. तो त्यांना इतके दिवस ऐकू येत नव्हता, हे मला त्यांच्या सुनेकडून कळले.

नाना अजून सत्संगाला जातात. तिथली माणसे चांगली आहेत, असे ते म्हणतात, आणि मला त्यावर शंका घेण्याचे कारण नाही. ते झेरॉक्स त्यांनी माझ्याकडेच ठेवले आहे. हा लेख लिहिताना ते पुन्हा काढले. अनुवादकाने मूळ प्रस्तावनाही इमानाने मराठीत आणली आहे: ज्ञानेश्वरीसारख्या संस्कृत ग्रंथांतही हेच विचार आढळतात, असे तिथे छापले आहे. मराठीत, मराठी माणसांसाठी, मराठी माणसाने लिहिलेले हे वाक्य किती हातांतून फिरले असेल! ‘संस्कृत’ हा शब्द निळ्या बॉलपेनने खोडलेला आहे आणि वर, कारखान्याच्या रजिस्टरात आयुष्यभर लिहिलेल्या ठसठशीत अक्षरांत, नानांनी ‘मराठी’ असे लिहिले आहे.